सिबिल किती?

‘सिबिल किती आहे?’ हा प्रश्न बँकेतल्या नोकरीत मी अनेकांना विचारला. त्यामुळे नातीने दाखवलेल्या जपानी ॲनिमे मालिकेतही ‘सिबिल’ निघाले, तेव्हा दचकलोच. आपले सिबिल कर्जफेड पाहून ३०० ते ९०० मधला आकडा देते. ‘सायको-पास’मधले सिबिल माणसाचे मनच मोजते.

गेन उरोबुची यांनी लिहिलेली ही २२ भागांची मालिका २०१२ मध्ये जपानी टीव्हीवर आली. काळ बाविसाव्या शतकाचा. गुन्हा घडण्याआधीच यंत्रणा प्रत्येकाची गुन्हेगारी वृत्ती आकड्यात मांडते. आकडा शंभरावर गेला की माणूस संशयित. तीनशेवर गेला की पोलिसांचे पिस्तूल जीव घ्यायला मोकळे.

पहिल्याच भागात अपहरण झालेल्या एका स्त्रीचा आकडा भीतीने वाढतो आणि सोडवायला आलेले पोलीस तिच्यावरच पिस्तूल रोखतात. नवखी अधिकारी आकाने त्सुनेमोरी सहकाऱ्याला आडवा पाडते, त्या स्त्रीशी बोलते. आकडा उतरतो! उलट माकिशिमा डोळ्यांदेखत खून करतो, तरी त्याचा आकडा चढत नाही.

पुढे या मालिकेवरून मांगा, म्हणजे चित्रकथा, निघाल्या, कादंबरी आली, २०१९ मध्ये नाटकही झाले. मांगाने तीच गोष्ट आकानेच्या नजरेने सांगितली. २०१५ च्या चित्रपटात ही यंत्रणा आग्नेय आशियातल्या युद्धग्रस्त देशात नेली जाते. माध्यमे बदलली, प्रश्न तोच राहिला: आकडा बोलल्यावर माणसाने बोलायचे की नाही?

खरे सांगायचे तर, बँकेत आकडा आला तेव्हा मला बरेच वाटले होते. आडनाव आणि ओळख पाहून कर्ज देण्याला थोडा आळा बसला. पण निवृत्तीच्या आधी शिवणकाम करणारी एक बाई आली. नवऱ्याच्या आजारपणात तिचे हप्ते थकले होते. तो गेल्यावर तिने पै न् पै फेडली होती. आकडा मात्र अजून खालीच होता. वरिष्ठांकडे खास शिफारस पाठवण्याची सोय होती. मी ती पाठवली नाही. ‘ताई, सिस्टिम घेत नाही हो,’ एवढेच म्हणालो. वाद न घालता ती उठली.

आकानेपाशी काही क्षणच होते. माझ्यापाशी सबंध दुपार होती.