रामेनपेक्षा दाशी शिकून या

जपानला फिरायला जाणाऱ्यांच्या यादीत फुजी पर्वत, क्योतोची देवळं आणि बुलेट ट्रेन यांच्या जोडीला आता स्वयंपाकाचा वर्गही असतो. ओसाकाजवळच्या इकेदा गावात आणि योकोहामात निस्सिन कंपनीची कप नूडल्सची संग्रहालयं आहेत. तिथे पर्यटक स्वतः पीठ मळून, लाटून, शेवया कापून चिकन रामेन तयार करतो आणि पाकीट आठवण म्हणून घरी आणतो. तोक्यो-क्योतोमध्ये अनेक गृहिणी आपल्या ओट्यावर चार-सहा पाहुण्यांना दोन-तीन तासांत जपानी जेवण शिकवतात. तिथे शिकून आलेला प्रवासी अंधेरी, बोरिवली किंवा मुलुंडच्या घरी परतला, की पुढच्या रविवारी प्रयोग होणार हे ठरलेलंच.

प्रयोगाआधी एक गैरसमज दूर केलेला बरा. रामेन हे जपान्यांचं घरचं जेवण नव्हे. आपल्याकडे मिसळ-पाव किंवा पावभाजी जशी प्रामुख्याने बाहेर जाऊन खायची, तसंच तिकडे रामेन. मूळ चिनी शेवयांचा हा पदार्थ जपानी झाला तो गाड्यांवर आणि छोट्या दुकानांत. घरात रोज असतो भात, एक सूप, मासा किंवा तोफू, एखादी भाजी आणि थोडं लोणचं. या सगळ्याच्या तळाशी असतं ते दाशी, म्हणजे समुद्री शेवाळ किंवा सुक्या माशाचा अर्क उतरलेलं पाणी. आरोग्याच्या दृष्टीने जपानी स्वयंपाकघरातून काही आणायचं असेल, तर ते रामेनपेक्षा दाशीच आणावं.

दाशीचं शास्त्र एका प्राध्यापकाने उलगडलं. तोक्यो विद्यापीठातले रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांना प्रश्न पडला, की गोड, आंबट, खारट, कडू यांपैकी एकाही चवीत न बसणारी दाशीची चव नेमकी कशाची? १९०८ साली त्यांनी कोंबू या जाडसर शेवाळातून ग्लुटामेट वेगळं केलं आणि त्या चवीला ‘उमामी’ असं नाव दिलं. त्यांचे शिष्य शिंतारो कोदामा यांनी १९१३ मध्ये सुक्या कात्सुओ माशात इनोसिनेट शोधलं. १९५७ च्या सुमारास अकिरा कुनिनाका यांनी शिताके अळंबीतल्या ग्वानिलेटचाही उमामीशी असलेला संबंध दाखवला. खरी गंमत यानंतरची. ग्लुटामेटबरोबर इनोसिनेट किंवा ग्वानिलेट आलं, की चव नुसती बेरजेने वाढत नाही, कित्येक पटींनी वाढते. कोंबू आणि मासा एकत्र टाकायची जपानी आजीची रीत या रसायनशास्त्राच्या शेकडो वर्षं आधीची आहे.

मीठ कमी घातलं की पदार्थ अळणी लागतो, ही रक्तदाबाच्या प्रत्येक रुग्णाची तक्रार. उमामी भरपूर असेल तर कमी मिठातही सूप चविष्ट लागतं, हे जपानमध्ये १९८० च्या दशकात पातळ, स्वच्छ सूपवर केलेल्या प्रयोगांत दिसलं. जागतिक आरोग्य संघटना प्रौढांना दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ सुचवते. भारतातल्या देशव्यापी पाहणीत सरासरी ८ ग्रॅमच्या आसपास निघाली आहे. म्हणजे ताटाच्या डाव्या बाजूचं लोणचं, पापड, चटणी न हलवता आमटी-भाजीतलं मीठ कमी करायचं, तर चवीला दुसरा आधार हवा. दाशी हा तसा आधार आहे.

रामेनची गोष्ट मात्र नेमकी उलटी. दाशी तिथेही असतं, पण दुकानातला वाडगा सूपसकट संपवला तर सहज पाच-सहा ग्रॅम मीठ पोटात जातं. दिवसभराचा कोटा एका जेवणात संपला! हे कसं, ते वर्गात पहिल्या दहा मिनिटांत कळतं. हाडांचं सूप, शेवया, वरचं तेल आणि ‘तारे’ नावाचा खारट अर्क हे सगळं वेगवेगळं तयार होतं. तासन्‌तास उकळलेल्या सूपमध्ये मीठ जवळजवळ नसतंच. ते असतं तारेमध्ये, आणि तारे वाडग्याच्या तळाशी आधी ओततात. सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यात, म्हणजे १५ मिलिलिटरमध्ये, साधारण अडीच ग्रॅम मीठ असतं. तारेचे असे दोन चमचे पडले की हिशेब लागतो.

घरी रामेन करणाऱ्याचा मोठा फायदा इथेच आहे. तारे अर्धं करा, दाशी दाट करा आणि सूप शेवटच्या थेंबापर्यंत पिऊ नका. वाडग्यातलं बरंचसं मीठ सूपमध्ये असतं, त्यामुळे सूप उरवण्यात काही वावगं नाही. जपानी माणसंही ते उरवतात.

‘जपानी जेवण म्हणजे दीर्घायुष्य’ हे समीकरणही जरा तपासून घ्यायला हवं. १९५१ पासून १९८० पर्यंत पक्षाघात हे जपानमधल्या मृत्यूंचं पहिल्या क्रमांकाचं कारण होतं. लुईस डाल या अमेरिकी संशोधकाने १९६० साली प्रसिद्ध केलेल्या तुलनेत उत्तर जपानमधलं रोजचं मीठ २६ ग्रॅमच्या घरात होतं. लांबलेला हिवाळा, खारवलेल्या भाज्या आणि दिवसातून तीनदा मिसो सूप, असा तो आहार होता. नागानो प्रांतात गावोगावच्या आरोग्यसेविका आणि स्वयंसेविका घराघरांत जाऊन सूपमधलं मीठ मोजू लागल्या. मिसो सूप कमी वेळा प्यावं आणि त्यात भाज्या जास्त घालाव्यात, असं त्या सांगत. घरोघरी आलेल्या फ्रीजने खारवण्याची गरजही कमी केली. पुढे नागानो जपानमधल्या दीर्घायुषी प्रांतांत गणला जाऊ लागला. जपान्यांचं आयुष्य वाढलं ते आपली परंपरा बदलून, हे पर्यटकांच्या माहितीपत्रकात सहसा नसतं. आजही तिथलं सरासरी मीठ दिवसाला १० ग्रॅमच्या आसपास आहे.

आता शेवया. मैदा, पाणी आणि मीठ यांपासून साध्या शेवया होतील, रामेन होणार नाही. त्यासाठी ‘कानसुई’ लागतं. हे सोडियम आणि पोटॅशियम कार्बोनेटचं मिश्रण. हे नाव परकं असलं तरी वस्तू ओळखीची आहे. उडदाच्या पापडात घालायचा पापडखार हा त्याचा जवळचा भाऊबंद. क्षारामुळे मैद्यातलं ग्लुटेन घट्ट होतं, शेवई दाताखाली लवचीक लागते आणि गरम सूपमध्ये पटकन विरघळत नाही. मैद्यातली मूळची रंगहीन द्रव्यं क्षाराने पिवळी होतात, म्हणून अंडं न घालताही रामेन पिवळसर दिसतं. हळदीत चुना घातला की लाल कुंकू होतं, त्याच जातीची ही करामत. पीठही पापडासारखंच घट्ट आणि कोरडं असतं. १०० ग्रॅम मैद्याला पाणी जेमतेम ३५ ते ४० ग्रॅम. ज्या घरात पापडाचं पीठ कुटलं गेलं आहे, तिथे हे वेगळं शिकवावं लागणार नाही.

दुकानागणिक पापडखाराची तीव्रता बदलते. खात्रीचा मार्ग म्हणजे खाण्याचा सोडा ओव्हनमध्ये साधारण १२० ते १३० अंशांवर तासभर भाजणं. त्यातला कार्बन डायऑक्साइड आणि पाणी उडून सोडियम कार्बोनेट उरतं. १०० ग्रॅम सोड्याचे सुमारे ६३ ग्रॅम झाले, की काम झालं असं समजावं. ही पूड सोड्यापेक्षा तिखट असते. तिला उघड्या हाताने चोळू नये, ॲल्युमिनियमच्या भांड्यात ठेवू नये आणि मुलांच्या हाती लागू देऊ नये. १०० ग्रॅम मैद्याला ती एक ग्रॅम पुरते. एवढ्यातही एक ग्रॅमहून किंचित जास्त मिठाइतकं सोडियम असतं. थोडं शेवया उकडलेल्या पाण्यात जातं, म्हणून ते पाणी सूपमध्ये ढकलू नये. रक्तदाबाच्या रुग्णाला डॉक्टर पापड बंद करायला सांगतात, त्यामागे नुसतं मीठ नसतं, हा खारही असतो.

झटपट नूडल्सचं पूर्वपीठही रामेनच. मोमोफुकु अंदो यांनी इकेदातल्या घरामागच्या शेडमध्ये शेवया तळून सुकवण्याची युक्ती शोधली आणि २५ ऑगस्ट १९५८ रोजी चिकन रामेन बाजारात आलं. मुंबईकरांच्या लक्षात आहे ते २०१५. त्या जूनमध्ये अन्नसुरक्षा प्राधिकरणाने शिसं आणि मोनोसोडियम ग्लुटामेटसंबंधीच्या दाव्यावरून मॅगीवर बंदी घातली आणि १३ ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयाने ती रद्द केली. त्या गदारोळात ग्लुटामेट हे विषच आहे, अशी अनेकांची समजूत झाली. इकेदांनी कोंबूतून काढलेला पदार्थ तोच, आणि पिकलेल्या टोमॅटोत असतो तोही तोच. ‘चिनी जेवणाने डोकं दुखतं’ ही चर्चा १९६८ मध्ये एका वैद्यकीय नियतकालिकातल्या पत्रावरून सुरू झाली. पुढच्या काटेकोर चाचण्यांत नेहमीच्या प्रमाणात तसा ठाम परिणाम दिसला नाही. मोनोसोडियम ग्लुटामेटमध्ये सोडियम सुमारे १२ टक्के, तर मिठात ३९ टक्के असतं. पाकिटावर बघायचा आकडा सोडियमचा आहे. त्याला अडीचने गुणलं की मीठ किती ते कळतं.

उपनगरात दाशीचं सामान कुठून आणायचं? कोंबू आणि कात्सुओबुशी ऑनलाइन मिळतात, पण महाग पडतात. कात्सुओबुशी म्हणजे उकडून, धुरी देऊन, लाकडासारखा सुकवलेला ट्यूना. लक्षद्वीपचा मासमीन जवळजवळ तसाच. जपानी घरांत मात्र रोजच्या सूपला बरेचदा छोटे सुके मासे, निबोशी, चालतात. वेसावे कोळीवाड्यात किंवा बोरिवलीपलीकडच्या गोराईत सुकी मांदेली घेता येते. डोकं आणि पोट काढून टाकलं की कडवटपणा जातो. रात्रभर गार पाण्यात भिजवून सकाळी मंद आचेवर गरम करायचं, धो धो उकळायचं नाही. या माशांत मीठ लावलेले आणि बिनमिठाचे असे दोन्ही प्रकार येतात, तेवढं विचारून घ्यावं.

घाटकोपर-मुलुंडच्या शाकाहारी प्रवाशाची अडचण निराळी. जपानमध्ये ‘मांस नको, मासा नको’ सांगूनही मिसो सूपमध्ये माशाचं दाशी येतं, कारण दाशीला कोणी मासा मोजतच नाही. पण बौद्ध मठांतला ‘शोजिन र्‍योरी’ हा स्वयंपाक मांस-माशाविनाच असतो आणि त्यात कांदा-लसूणही वर्ज्य. तिथे दाशी कोंबू, सुकी अळंबी आणि भाजलेलं सोयाबीन यांचं. काटेकोर जैन घरात अळंबी चालत नाही आणि शेवाळालाही हरकत असू शकते. अशा वेळी पिकलेला टोमॅटो कामी येतो. त्याच्या गराहून बियांभोवतीच्या रसात ग्लुटामेट अधिक असतं, तेव्हा बिया फेकू नयेत. टोमॅटोचं सार करणाऱ्या घराला उमामी नवी नाही, फक्त नाव नवं आहे.

कोंबू वापरणाऱ्यांनी थायरॉइडकडे लक्ष द्यावं. प्रौढाला रोज ०.१५ मिलिग्रॅम आयोडीन पुरतं. सुक्या कोंबूच्या एका ग्रॅममध्येच ते दोन मिलिग्रॅमच्या आसपास असू शकतं आणि पाण्यात सहज उतरतं. आपलं मीठ आधीच आयोडीनयुक्त आहे. आठवड्यातून एखादा दिवस ठीक. थायरॉइडचे रुग्ण आणि गर्भवतींनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय रोजचा रतीब लावू नये.

मांसाहारी सूप करताना मुंबईच्या हवेचंही भान हवं. पायाच्या सुपासारखं हाडांतलं कोलॅजन विरघळून जिलेटिन व्हायला वेळ लागतो. कुकरने तो वाचतो. पण मोठं पातेलं रात्रभर ओट्यावर ठेवलं, तर उकळीतही टिकून राहिलेले जिवाणूंचे बीजाणू कोमट सूपमध्ये वाढतात. पसरट भांड्यांत वाटून दोन तासांच्या आत ते फ्रीजमध्ये जायला हवं. रामेनवरचं पातळ बलकाचं अंडंही जपानमध्ये निर्धास्त खाता येतं, कारण तिथे कच्ची खाण्यासाठीच अंडी धुऊन, तपासून विकतात. इथे लहान मुलं, गर्भवती आणि वृद्धांसाठी बलक पूर्ण शिजवावा.