आईचे दोन वाटे

मंगळवेढ्याच्या काळ्या रानात ज्वारी पोटरीतून निसवली की कणीस शेंड्याकडून खाली फुलत येतं. फुलं उमलतात ती रात्री आणि पहाटे. ऊन चढेपर्यंत त्या दिवसाचा फुलोरा आटोपलेला असतो, म्हणून रोज रानात जाणाऱ्यालाही तो नीट दिसत नाही. ना पाकळी, ना वास, ना मध. केसर तुसांबाहेर लोंबतात, पराग झडतो आणि बहुतेक वेळा त्याच कणसातल्या कुक्षींवर, म्हणजे फुलांतल्या मादी भागाच्या टोकांवर, पडतो. फुलांविषयी लिहिताना आपण मधमाशीची, फुलपाखराची, वाऱ्याची कथा सांगतो आणि पराग कुक्षीवर पोचला की थांबतो. धान्याची कथा मात्र तिथूनच सुरू होते.

ही पुढची वाट पहिल्यांदा दिसली ती घोळीच्या फुलात. आपण जिची भाजी करतो, तीच घोळ. सूक्ष्मदर्शक बनवण्यात निष्णात असलेला इटालियन संशोधक जोव्हानी बात्तिस्ता आमिची १८२४ च्या सुमारास तिच्या कुक्षीवरचे केस निरखत होता. पेशीतला द्रव कसा फिरतो एवढंच त्याला पाहायचं होतं. पाहता पाहता केसाला चिकटलेल्या एका परागकणातून बारीक नळी बाहेर आली. पुढे १८३० मध्ये त्याने दाखवून दिलं की ही परागनलिका थेट अंडाशयातल्या बीजांडापर्यंत जाते.

इथून एक मोठा वाद पेटला. पेशी सिद्धांताच्या जनकांपैकी एक असलेल्या माटियास श्लायडेनने ठामपणे मांडलं की परागनलिकेचं टोकच बीजांडात शिरून भ्रूण बनतं. म्हणजे जीव सगळा नराकडचा, मादीची फक्त जागा. आपल्या स्मृतिग्रंथांनीही पुरुषाला बीज आणि स्त्रीला क्षेत्र म्हटलं आहे. हजारो मैलांवरच्या आणि शेकडो वर्षांच्या अंतरावरच्या विद्वानांना तीच कल्पना इतकी पटावी, हे मला अस्वस्थ करतं. आमिचीने १८४६ मध्ये ऑर्किडच्या बीजांडांवर काम करून श्लायडेनला उत्तर दिलं : भ्रूण ज्यातून तयार होतो तो घटक नलिका येण्याआधीच बीजांडात हजर असतो.

नलिकेचा प्रवास किती लांबचा असू शकतो हे मक्यात कळतं. कणसाच्या टोकाला लोंबणारा प्रत्येक केस एकेका दाण्याचा असतो. त्यावर पराग पडला की वीतभर लांबीच्या त्या केसातून नलिका वाढत जाते आणि साधारण दिवसभरात बीजांड गाठते. ज्या केसाची नलिका पोचली नाही, त्याचा दाणा भरत नाही. कणसात मध्येच दिसणाऱ्या मोकळ्या जागांमागे बरेचदा हेच कारण असतं.

अंधारात या नलिकेला वाट कोण दाखवतं, हा प्रश्न शंभराहून अधिक वर्षं रेंगाळला. जपानमध्ये तेत्सुया हिगाशियामा यांनी त्यासाठी टोरेनिया ही फुलवनस्पती निवडली, कारण तिचा अंडपेशी असलेला भ्रूणकोष बीजांडाबाहेर डोकावतो. अंडपेशीशेजारच्या दोन सहायक पेशी लेझरने नष्ट केल्या, तर नलिका तिकडे वळतच नाही, हे त्यांच्या गटाने २००१ मध्ये दाखवलं. २००९ मध्ये या पेशींतून स्रवणारी आणि नलिकेला ओढून घेणारी छोटी प्रथिनंही त्यांना सापडली. बोलावणं मादीकडून येतं.

नलिका दोन पुंपेशी घेऊन येते. दोन कशाला, याचा उलगडा १८९८ मध्ये कीव्हच्या सेर्गेई नवाशिन यांनी लिलीच्या कुळातल्या वनस्पतींवर केला आणि पुढच्याच वर्षी फ्रान्समध्ये लेऑं गिन्यार यांनीही तेच पाहिलं. एक पुंपेशी अंडपेशीशी मिळते, त्यातून भ्रूण होतो. दुसरी भ्रूणकोषाच्या मधल्या पेशीत विरघळते. त्या पेशीत आईकडची दोन केंद्रकं आधीच असतात. आईचे दोन वाटे आणि बापाचा एक, अशा तिघांच्या मिलनातून भ्रूणपोष, म्हणजे भ्रूणाची शिदोरी, तयार होतो. मक्यात हे दोनास एक प्रमाण बिघडवलं तर दाणा नीट भरत नाही. ज्या मादीला नुसतं क्षेत्र म्हटलं, तिचा या शिदोरीत दुप्पट वाटा आहे.

आणि ही शिदोरी आपण रोज खातो. शहाळ्याचं पाणी म्हणजे द्रवरूप भ्रूणपोष. त्यात केंद्रकं वाढत जातात, पेशींच्या भिंती मागाहून पडतात. मग मलई धरते आणि तिचं खोबरं होतं. नारळाचा खरा भ्रूण मऊ डोळ्याखालचा एवढासा कण. १९४१ मध्ये योहानेस व्हान ओव्हरबीक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी धोत्र्याचे अगदी कोवळे भ्रूण काढून नारळाच्या पाण्यावर वाढवले, इतकी ताकद त्या पाण्यात आहे. ज्वारीतही आधी केंद्रकं वाढतात, भिंती नंतर येतात. दाणा चिकात असतो तेव्हा हाच भ्रूणपोष पातळ असतो. हुरड्याला येतो तेव्हा त्यातली बरीच साखर अजून स्टार्च व्हायची असते, म्हणून तो गोड लागतो. हरभऱ्याचं वेगळं : त्याचा भ्रूण बी पिकण्याआधीच भ्रूणपोष संपवतो आणि साठा स्वतःच्या दोन दलांत भरतो, त्यांचीच डाळ होते. म्हणजे भाकरी मुख्यतः भ्रूणपोषाची आणि पिठलं भ्रूणाच्या दलांचं.

भारतात या विषयाला घडवलं ते पंचानन माहेश्वरी यांनी. त्यांचं १९५० चं भ्रूणविज्ञानावरचं पुस्तक जगभर वापरलं गेलं. दिल्ली विद्यापीठात त्यांच्या गटाने अफूची बीजांडं परीक्षानळीत ठेवून त्यांवर थेट पराग टाकला, फलन घडवलं आणि बिया मिळवल्या. कुक्षीला वगळून फलन होऊ शकतं, हे १९६२ मध्ये सिद्ध झालं. कुक्षीनेच नाकारलेले संकर करून पाहण्याचा रस्ता त्यामुळे खुला झाला.

पुन्हा धान्याकडे वळू. त्याच्या पिकलेल्या दाण्यात भ्रूणपोषाच्या बहुतेक पेशी मेलेल्या असतात, जिवंत राहतो तो फक्त कडेचा पातळ थर. दाणा भिजला की भ्रूण संप्रेरक सोडतो, मग हा थर विकरं तयार करतो आणि साठलेला स्टार्च विरघळू लागतो. बाळासाठी नाचणीला मोड आणून सत्त्व करणाऱ्या बायका याच क्षणी दाण्याला वाळवून थांबवतात. स्टार्च अर्धवट तुटलेला असल्यामुळे अशा पिठाची खीर घट्ट होत नाही. त्यामुळे तेवढ्याच वाटीत जास्त पीठ मावतं आणि लहान पोटाला जास्त अन्न मिळतं.