पन्हळीवरचे पाहुणे

सकाळी सहाला दूधवाल्याच्या आधी आमच्याकडे कोण हजर असतं, सांगा पाहू? कबुतरं! नाशिकच्या आमच्या जुन्या घराला वर पत्र्याचं छप्पर आणि कडेने पन्हळ. त्या पन्हळीच्या काठावर त्यांची रांग लागायची. खाली वाळत घातलेल्या साड्या असोत की कुरडया, सगळ्यांवर त्यांचा ‘प्रसाद’!

तेवढ्यावर भागलं असतं तर चालवून घेतलं असतं हो. पण २०२५च्या पावसाळ्यात पहिल्याच मोठ्या सरीला पाणी पाइपातून खाली न येता थेट स्वयंपाकघराच्या भिंतीवरून ओघळलं. मिस्त्रींना वर चढवलं, तर पन्हळीतून काड्या, पिसं आणि विष्ठेचा घट्ट थर घमेल्याने काढावा लागला. पत्राही गंजायला लागला होता. शिवाय तुंबलेलं पाणी म्हणजे डासांची आयती सोय.

त्याच सुमारास सासूबाईंचा कोरडा खोकला हटेना. छातीच्या डॉक्टरांनी विचारलं, ‘घराजवळ कबुतरं आहेत का?’ वाळलेल्या विष्ठेची आणि पिसांची धूळ श्वासातून जात राहिली, तर काहींच्या फुप्फुसांना अॅलर्जीने सूज येते. दुर्लक्ष केलं तर फुप्फुस कायमचं निबर होऊ शकतं, असं त्यांनी समजावलं.

आता खरी पंचाईत! सासरे गेल्यापासून आई रोज सकाळी गच्चीवर मूठभर ज्वारी टाकत. ‘मुक्या जिवाला दाणा घालण्यात कसलं पाप गं?’ या प्रश्नावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. दादरचा कबुतरखाना ताडपत्रीने झाकल्याच्या बातम्या त्याच दिवसांत टीव्हीवर होत्या. तिकडचा वाद आमच्या स्वयंपाकघरातही रंगला!

मी आपली उपाय करत सुटले. जुन्या सीडी टांगल्या. चार दिवस कबुतरं बिचकली, पाचव्या दिवशी त्यांच्याच शेजारी येऊन बसली. खिळ्यांच्या पट्ट्या लावल्या, तर त्यांच्यात काड्या अडकवून घरटं बांधायची तयारी! शेवटी मिस्त्रींनीच शहाणपणाचं सांगितलं, ‘ताई, हाकलू नका. बसायची जागाच मोडा.’

मग आम्ही पन्हळीच्या काठावर, दोन-तीन बोटं उंचीवर, गंज न चढणारी बारीक तार ताणून बांधली. तारेवर तोल सांभाळता येत नाही, म्हणून पक्षी तिथे टेकत नाही. पन्हळीवर जाळी बसवली, तीही बाहेरच्या बाजूला उतरती, म्हणजे पालापाचोळा घसरून पडतो. छपराखालच्या खाचा मात्र बंद करायच्या राहिल्या. कारण तिथल्या एका घरट्यात दोन अंडी होती.

आईंनी तेव्हा जे सांगितलं, ते मी विसरणार नाही. ‘पिल्लं उडेपर्यंत त्या घरट्याला हात लावू नका. मग मीही दाणा बंद करते.’ अंडी साधारण अठरा दिवसांत फुटतात, पुढे महिनाभराने पिल्लं उडतात. तेवढे दिवस आई पुढच्या खोलीत झोपल्या, गच्चीवर गेल्या नाहीत. पिल्लं उडाली, त्याच दुपारी मिस्त्रींनी खाचा जाळीने बंद केल्या. दुसऱ्या दिवशी आईंनी ज्वारीचा डबा स्वतःहून माझ्या हातात दिला.

मैत्रिणींनो, तुम्हीही हे करणार असाल तर थोडं लक्षात ठेवा. वाळलेली विष्ठा कधीही झाडूने झाडू नका. आधी पाणी मारून भिजवा, नाकाला मास्क आणि हातात मोजे घाला. ज्यांना दमा-खोकला आहे, त्यांना या कामापासून लांबच ठेवा. खिडकीला जाळी लावाल तर दोन इंचांपेक्षा मोठी भोकं नकोत आणि ती ताणून बांधा, सैल जाळीत पक्षी अडकतो. चिकट मलम लावू नका, त्याने पिसं चिकटतात. तारेऐवजी नायलॉनचा मांजा तर अजिबात नको. तो पंख कापतो, आणि २०१७ पासून त्यावर देशभर बंदी आहे. पन्हळ मात्र पावसाळ्याआधी दरवर्षी साफ करायचीच. आणि दाणा चालू असेल, तर बाकीचे सगळे उपाय फुकट!

आईंचा खोकला आता बराच कमी आहे. औषध चालू आहे, तपासणीही. त्या मूठभर ज्वारीची आता रोज एक भाकरी होते, ती त्या गल्लीतल्या गाईला घालतात. परवा पन्हळीकडे बघून म्हणाल्या, ‘सुनं सुनं वाटतं गं.’ मग जरा थांबून म्हणाल्या, ‘पण रात्री झोप लागते.’