स्तंभ आणि सत्ता (लेखांक ४) : वॉल्टर लिपमन यांची कसोटी

सत्तेच्या फार जवळ गेलेला स्तंभलेखक सत्तेचाच होऊन बसतो, असे आपण सहज म्हणून जातो. वॉल्टर लिपमन यांची कारकीर्द या समजात नीट बसत नाही. १८८९ साली न्यूयॉर्कमध्ये जन्मलेले लिपमन तिशीच्या आतच अध्यक्ष विल्सन यांच्या चौदा कलमांच्या तयारीत होते. ‘न्यूयॉर्क वर्ल्ड’ १९३१ मध्ये बंद पडल्यावर त्यांनी ‘हेरल्ड ट्रिब्यून’मध्ये ‘टुडे अँड टुमॉरो’ हा स्तंभ सुरू केला. १९६७ पर्यंत चाललेला हा स्तंभ भरभराटीच्या काळात दोनशेहून अधिक वृत्तपत्रे छापत. सत्तेपासून दूर अशी त्यांच्या आयुष्यातली वर्षे शोधूनच काढावी लागतील. तरीही ते कधी सपशेल फसले, तर कधी इतरांना न दिसलेले त्यांना दिसले. हा फरक जवळिकीने उलगडत नाही. कानावर आलेले त्यांनी तपासले की नाही, यावर तो ठरला, असे माझे मत आहे.

तपासणी कशी करायची हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. १९२० मध्ये चार्ल्स मर्झ यांच्यासह त्यांनी ‘न्यूयॉर्क टाइम्स’चे रशियन क्रांतीबद्दलचे तीन वर्षांचे वार्तांकन चाळून काढले. बोल्शेविक राजवट कोसळणार किंवा कोसळली, असे त्यात ९१ वेळा सांगितलेले आढळले. बातमीदारांनी लबाडी केली असा त्यांचा निष्कर्ष नव्हता. आशा आणि भीती या दोघींनी मिळून बातमी लिहिली होती. बावीस वर्षांनी हेच दुखणे खुद्द लिपमनना जडले. फेब्रुवारी १९४२ मध्ये कॅलिफोर्नियातले लष्करी व मुलकी अधिकारी सांगत होते ते त्यांनी उचलून धरले : किनाऱ्यावर अजून घातपात झालेला नाही याचा अर्थ धोका नाही असा नव्हे, उलट शत्रू मोक्याच्या क्षणासाठी दबा धरून आहे. आठवड्याभरात रूझवेल्ट यांनी आदेशावर सही केली आणि पुढे सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत जावे लागले. त्यांतले दोन तृतीयांश जन्माने अमेरिकी नागरिक होते. हा आदेश एका स्तंभामुळे निघाला असे म्हणता येत नाही. पण स्तंभाने त्या तर्काला प्रतिष्ठा दिली.

पर्ल हार्बरनंतरच्या भयगंडात दुसरे कोण काय लिहिणार होते, असे कुणी म्हणेल. पण महान्यायवादी फ्रान्सिस बिडल यांचा सरसकट हकालपट्टीला विरोध होता. एफबीआयचे हूव्हर यांनाही, जे काही मवाळ गृहस्थ नव्हते, तिची गरज वाटत नव्हती. म्हणजे उलट मत वॉशिंग्टनमध्येच उपलब्ध होते. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे : आठवड्याला दोन-तीन स्तंभ लिहिणाऱ्याने तीन वर्षांचे अंक चाळायचे कधी? तेवढे करायची गरजच नव्हती. पुरावा नसणे हाच पुरावा मानला तर निर्दोष माणसाने निर्दोष ठरायचे कसे, एवढा एक प्रश्न पुरला असता.

असे प्रश्न ते विचारू शकत, हे १९४७ मध्ये दिसले. सोव्हिएत संघाला सगळीकडून रोखून धरण्याचे जॉर्ज केनन यांचे धोरण वॉशिंग्टनमध्ये रुजत होते. लिपमननी हेतूंवर शंका घेतली नाही, हिशेब मांडला : लढाईची जागा शत्रू निवडणार, आणि तिथल्या दुबळ्या राजवटी सांभाळण्याचा खर्च अमेरिका करणार. त्या लेखांचे ‘द कोल्ड वॉर’ हे पुस्तक झाले. १९६५ मध्ये जॉन्सन व्हिएतनामबाबत त्यांच्याशी सल्लामसलत करीत होते. शब्द आणि धाडले जाणारे सैन्य यांचा मेळ बसेना, तेव्हा लिपमन उघड विरोधात गेले. जॉन्सन त्यांची जाहीर टवाळी करू लागले. १९४२ मध्ये अधिकारी जितके जवळ होते, त्याहून १९६५ चे अध्यक्ष जवळ होते. म्हणूनच जवळिकीवर ठपका ठेवणे मला पटत नाही.

व्हिएतनाम युद्धाचे शेवटपर्यंत समर्थन करणारे जोसेफ ऑल्सप त्याच वॉशिंग्टनमध्ये वावरत होते. पुढील लेखांक त्यांच्यावर.