पटवर्धन, आनंद
(१८ फेब्रुवारी १९५०– ). भारतीय अनुबोधपट-निर्माते व दिग्दर्शक. जन्म मुंबई येथे. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्य (१९७०) व अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठातून समाजशास्त्र (१९७२) हे विषय घेऊन ते पदवीधर झाले. कॅनडातील मॅगिल विद्यापीठाची संज्ञापनविषयक एम्.ए. पदवीही त्यांनी मिळविली (१९८२).

भारतात १९४८ पासून अनुबोधपटांची निर्मिती व वितरण मुख्यत्वे शासनाच्या फिल्म्स डिव्हिजनकडे होते. चित्रपटगृहांतही याच संस्थेचे पट दाखविले जात. त्यामुळे शासनाच्या धोरणावर टीका करणाऱ्या स्वतंत्र निर्मात्यास भांडवल व प्रेक्षक दोन्ही स्वतःच मिळवावे लागत. पटवर्धनांच्या कारकीर्दीचे स्वरूप या परिस्थितीने ठरविले. बिहारमधील जयप्रकाश नारायण यांच्या आंदोलनावरील क्रांति की तरंगें हा त्यांचा प्रारंभीचा पट अत्यल्प साधनांनिशी तयार झाला व आणीबाणीत गुप्तपणे दाखविला गेला. राजकीय कैद्यांविषयीचा जमीर के बंदी (१९७८) त्यानंतरचा.

हमारा शहर (१९८५) या पटात मुंबईतील झोपडपट्टीवासीयांच्या घरांवरील कारवाईचे चित्रण असून त्यास राष्ट्रीय पुरस्कार लाभला. अयोध्येतील वादाचा वेध घेणारा राम के नाम (१९९२) बाबरी मशीद पाडली जाण्यापूर्वीच पूर्ण झाला होता. त्यासही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पुरस्कार मिळूनही प्रदर्शनाचा मार्ग मात्र अनेकदा न्यायालयातूनच गेला. अण्वस्त्रस्पर्धेवरील जंग और अमन (२००२) या पटात परिनिरीक्षण मंडळाने सुचविलेली काटछाट मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये अमान्य केली. पितृ, पुत्र और धर्मयुद्ध (१९९५) हा पट नाकारणाऱ्या दूरदर्शनला तो दाखविण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये दिला. नागरिकांच्या माहितीच्या हक्काच्या दृष्टीने हे निर्णय महत्त्वाचे ठरतात.

मुंबईच्या रमाबाई आंबेडकरनगरात ११ जुलै १९९७ रोजी झालेल्या पोलीस गोळीबारात दहा जण ठार झाले. त्यानंतर शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. हमारा शहरमध्ये त्यांचे गायन होते. या घटनांपासून सुरू झालेले चित्रण सु. १४ वर्षे चालून जय भीम कॉम्रेड (२०११) हा पट सिद्ध झाला. दलित शाहिरी व चळवळीचा तो मौलिक दृक्‌श्राव्य दस्तऐवज होय. विवेक (२०१८) व स्वतःच्या कुटुंबाच्या आठवणींतून स्वातंत्र्यचळवळीकडे पाहणारा वसुधैव कुटुंबकम् (२०२३) हे त्यांचे नंतरचे पट.

दीर्घकाळ एकाच प्रश्नाचा पाठपुरावा करणे, सामान्य माणसास स्वतःच्या शब्दांत बोलू देणे व परस्परविरोधी विधाने शेजारी ठेवून प्रेक्षकास विचारप्रवृत्त करणे, ही त्यांच्या शैलीची वैशिष्ट्ये होत.