पातूरच्या पाटीचा निवाडा

मी मराठीत कविता लिहितो याचं आमच्या चांदूर बाजारात अजूनही कुणाकुणाला नवल वाटतं. "तुमची भाषा तर उर्दू ना?" असं विचारतात. मी म्हणतो, घरात दोन्ही नांदतात. असाच एक वाद आपल्या वऱ्हाडातून थेट दिल्लीच्या सर्वोच्च न्यायालयात गेला होता. न्यायसंस्थेचं काम समजून घ्यायला तो खटला मला फार उपयोगी वाटतो.

अकोला जिल्ह्यातल्या पातूर नगर परिषदेच्या पाटीवर वर मराठी, खाली उर्दू. उर्दू काढा, अशी एका माजी सदस्याची मागणी होती. २०२० मध्ये परिषदेनं ती फेटाळली. उर्दूचा वापर १९५६ पासूनचा आहे, असं तिचं म्हणणं. जिल्हाधिकाऱ्यांनी कारभार पूर्णपणे मराठीतच हवा असा आदेश दिला, तो अमरावतीच्या विभागीय आयुक्तांनी २०२१ मध्ये रद्द केला. इथवर सारं प्रशासनातच चाललेलं. मग उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ. सरकारी अधिकाऱ्याचा आदेश कायद्याला धरून आहे का, हे तपासण्याचा अधिकार संविधानाच्या २२६व्या कलमानं उच्च न्यायालयाला दिला आहे.

प्रकरण चालू असतानाच, २०२२ मध्ये विधिमंडळानं स्थानिक प्राधिकरणांच्या राजभाषेचा कायदा केला. कायदा करणं विधिमंडळाचं काम. त्याचा अर्थ काय, हे शेवटी न्यायालयानं सांगायचं. नागपूर खंडपीठानं २०२४ मध्ये सांगितलं की मराठी हवीच, पण सोबत दुसरी भाषा नको असं या कायद्यात म्हटलेलं नाही. १५ एप्रिल २०२५ रोजी न्यायमूर्ती सुधांशु धुलिया आणि न्यायमूर्ती के. विनोद चंद्रन यांनी तेच कायम केलं.

भाषा म्हणजे धर्म नव्हे, उर्दू याच मातीत जन्मली, असंही त्या निकालात आहे. कवी म्हणून मला तो भाग फार भावला. तरी खरं सांगायचं तर पाटी राहिली ती त्या सुंदर वाक्यांमुळे नव्हे. कायद्यात मनाई नव्हती म्हणून राहिली. उर्दू आवडते की नाही, हा प्रश्न न्यायमूर्तींपुढे नव्हताच.

उद्या विधिमंडळानं तशी स्पष्ट मनाई केली तर? मग तो कायदाच संविधानाच्या कसोटीवर घासून पाहावा लागेल. न टिकणारा कायदा रद्द ठरवण्याचा अधिकारही उच्च आणि सर्वोच्च न्यायालयाला आहे. पातूरच्या पाटीसाठी तो वापरण्याची वेळ आली नाही.