तुटलेली नस जोडणे : नंदुरबारच्या संदर्भात एका वैद्यकीय संज्ञेचा मागोवा

शल्यचिकित्सेत ‘न्यूरोराफी’ ही संज्ञा अतिशय नेमक्या अर्थाने वापरली जाते. मेंदू व मज्जारज्जूकडून स्नायूंना आज्ञा पोहोचवणारी आणि त्वचेकडील संवेदना परत नेणारी चेता तुटली असता तिची दोन टोके समोरासमोर आणून टाक्यांनी शिवणे, एवढाच तिचा अर्थ आहे. मराठीत तिला ‘चेतासीवन’ म्हणता येते. व्यवहारात मात्र ‘नस जोडणे’ हाच शब्दप्रयोग रूढ आहे आणि त्यात चेतेशी संबंधित अशा निदान तीन वेगवेगळ्या शस्त्रक्रिया मिसळून जातात. १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून वेगळ्या झालेल्या नंदुरबार जिल्ह्यात कोयत्याने मनगट कापलेला ऊसतोड मजूर आणि कुष्ठरोगाने बोटे वाकडी झालेला शेतकरी हे दोघेही ‘नस गेली’ असेच सांगतात. पहिल्याच्या बाबतीत चेतासीवन हाच खरा उपाय असतो, तर दुसऱ्याच्या बाबतीत त्याचा बहुधा काहीच उपयोग नसतो. या संज्ञेचा इतिहास पाहण्याचे प्रयोजन या भेदात आहे.

ग्रीक भाषेत ‘न्यूरॉन’ या शब्दाचा मूळ अर्थ चेता असा नव्हता. स्नायूला हाडाशी जोडणारी कंडरा, धनुष्याची दोरी, असा होता, आणि ‘राफे’ म्हणजे शिवण. संस्कृतातील ‘स्नायु’ हा शब्द व ग्रीक ‘न्यूरॉन’ हे एकाच प्राचीन मूळ शब्दापासून निघाले, असे तुलनात्मक भाषाशास्त्र मानते. सुश्रुतसंहितेत स्नायू म्हणजे सांधे व मांस बांधून ठेवणारी बंधने असून, छेद्य, भेद्य इत्यादी आठ शस्त्रकर्मांपैकी ‘सीव्य’ म्हणजे शिवण्याच्या कर्मासाठी जे धागे सुचवले आहेत, त्यांत ताग, जवस व केस यांच्या जोडीला स्नायूचाही समावेश आहे. चेता आणि कंडरा या दोन्ही पांढुरक्या व चिवट असल्यामुळे जखमेत त्या सारख्याच दिसतात. ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियातील हेरोफिलस व एरासिस्ट्रेटस यांनी शवविच्छेदन करून त्यांना वेगळे केले, तरी चेतेला सुई लागली की रुग्णाला झटके येतात ही गॅलेनच्या काळची धास्ती पुढे शतकानुशतके टिकली. सतराव्या शतकाच्या आरंभी इटलीतील गाब्रिएले फेरारा यांनी तुटलेली चेता शिवण्याची रीत लिहून ठेवली, परंतु शिवलेल्या चेतेत नेमके काय घडते हे कळल्याशिवाय त्या रीतीला शास्त्राचा आधार मिळणे शक्य नव्हते.

तो आधार १८५० मध्ये ऑगस्टस वॉलर यांनी दिला. बेडकाच्या जिभेकडे जाणाऱ्या चेता कापून त्यांनी दाखवले की, कापलेल्या जागेच्या पलीकडचा सर्व भाग काही दिवसांत झिजून नष्ट होतो. याचा व्यवहारातील अर्थ असा की, टाके घातल्याने चेता ‘जुळून’ पूर्ववत होत नाही. शल्यचिकित्सक केवळ रिकाम्या झालेल्या नळ्यांची तोंडे जिवंत टोकासमोर आणून ठेवतो आणि त्या नळ्यांतून नवे तंतू मूळ टोकाकडून पुन्हा वाढत जातात. दुसऱ्या महायुद्धातील जखमी सैनिकांवर ऑक्सफर्ड येथे उपचार करणाऱ्या हर्बर्ट सेडन यांनी १९४३ मध्ये चेतेच्या इजांचे तीन प्रकार मांडले : तंतू शाबूत राहून केवळ वहन थांबणे, आवरण शाबूत राहून आतील तंतू तुटणे आणि चेता आवरणासह पूर्ण तुटणे. सिडनी संडरलंड यांनी १९५१ मध्ये या वर्गीकरणाच्या पाच पायऱ्या केल्या. सेडन यांच्या विभागणीनुसार चेतासीवन केवळ तिसऱ्या प्रकाराला लागू पडते, कारण पहिले दोन प्रकार बहुधा आपोआप सुधारतात आणि तेथे चेता कापून शिवणे म्हणजे असलेले नुकसान वाढवणे होय.

शस्त्रक्रियेचे आजचे रूप १९६० च्या दशकात सूक्ष्मदर्शक शस्त्रक्रियागृहात आल्यानंतर घडले. सूक्ष्मदर्शकाखाली चेतेचे टोक पाहिले, तर ज्वारीच्या कडब्याच्या पेंढीप्रमाणे एका बाह्य आवरणात बांधलेले अनेक जुडगे दिसतात. टोकाचा चेचलेला, घट्टे पडलेला भाग ते जुडगे स्वच्छ दिसू लागेपर्यंत पातळ चकत्यांनी छाटला जातो, पृष्ठभागावरील बारीक रक्तवाहिनी दोन्ही बाजूंना एका रेषेत येईल अशी टोके फिरवली जातात, आणि मग केसाहूनही बारीक नायलॉनच्या धाग्याने फक्त बाह्य आवरणात मोजके टाके घातले जातात. टाक्यावर ताण आला तर आत व्रण वाढून तंतूंची वाट बंद होते. म्हणून अंतर मोठे असेल तेव्हा टोके ओढून आणण्याऐवजी रुग्णाच्याच पोटरीच्या मागची, केवळ पावलाच्या बाहेरील कडेची संवेदना वाहणारी चेता काढून मध्ये कलम म्हणून बसवतात. १९७० च्या दशकात व्हिएन्नाचे हान्नो मिलेसी यांनी ही पद्धत प्रस्थापित केली.

या सर्व कौशल्यावर काळाची एक कठोर मर्यादा आहे. नवे तंतू दिवसाला सुमारे १ मिलिमीटर वाढतात, म्हणजे महिन्याला ३ सेंटिमीटर. मनगटाशी तुटलेल्या चेतेचे तंतू बोटांच्या टोकांपर्यंत पोहोचण्यास सुमारे सहा महिने लागतात, आणि कोपराशी तुटलेल्या चेतेचे तंतू हाताच्या पंजातील लहान स्नायूंपर्यंत येण्यास वर्ष किंवा त्याहून अधिक काळ जातो. इकडे आज्ञा न मिळालेला स्नायू वर्ष-दीड वर्षात कायमचा निकामी होतो. हे दोन आकडे शेजारी ठेवले की लक्षात येते की, कोपराशी झालेल्या इजेनंतर सहा महिने वाया गेले तर उत्तम चेतासीवनही पंजाची हालचाल परत आणू शकत नाही. फार तर संवेदना काही अंशी परत येते.

नंदुरबारमध्ये हा विलंब कसा घडतो हे ऊसतोडीच्या कामाकडे पाहिल्यास कळते. अक्राणी, अक्कलकुवा, तळोदा या सातपुड्यातील तालुक्यांतून दिवाळीनंतर मजुरांच्या टोळ्या मुकादमाकडून उचल घेऊन सुरत, बारडोलीच्या उसाच्या पट्ट्यात जातात. या व्यवहारात नवरा-बायकोच्या जोडीलाच ‘एक कोयता’ म्हणतात. डाव्या हाताने ऊस धरून उजव्या हाताने कोयता चालवताना निसटता घाव डाव्या मनगटावर बसतो, आणि मनगटाच्या तळव्याकडील बाजूला मधली चेता कंडरांच्या शेजारीच, त्वचेखाली फारशी खोल नसलेल्या जागी असते. तळावर परतण्याची घाई, बुडणारी मजुरी आणि फेडायची उचल यांमुळे जवळच्या दवाखान्यात त्वचेला टाके पडतात, जखम भरते, आणि अंगठा व शेजारची दोन बोटे बधीर राहिल्याची तक्रार हंगाम संपून गावी परतल्यावर पुढे येते. यात मजुराला दोष देणे अन्यायाचे आहे. घाव पाहणाऱ्याने टाके घालण्यापूर्वी प्रत्येक बोटाच्या टोकाला स्पर्श करून जाणीव विचारली, तर निदान अर्ध्या मिनिटात होते, आणि तेवढीच दक्षता पुढचे सर्व ठरवते.

मात्र जिल्ह्यातील चेताविकाराचे एक मोठे आणि जुने कारण कुष्ठरोग हे आहे. महाराष्ट्रातील ज्या जिल्ह्यांत हा रोग चिवटपणे टिकून राहिला, त्यांत गडचिरोली, चंद्रपूर, पालघर यांच्याबरोबर नंदुरबारचे नाव येते. राष्ट्रीय पातळीवर दर १०,००० लोकसंख्येमागे एकापेक्षा कमी रुग्ण ही मर्यादा भारताने डिसेंबर २००५ मध्ये गाठली. परंतु सरासरीच्या या आकड्यात आदिवासी पाड्यांचे चित्र दिसत नाही. १८७३ मध्ये हॅन्सन यांनी शोधलेला कुष्ठरोगाचा जंतू चेतातंतूंभोवती आवरण घालणाऱ्या श्वान पेशींत राहतो. शरीर त्याच्याशी लढू लागले की कोपरामागची, मनगटातील, गुडघ्याच्या बाहेरील बाजूची आणि घोट्यामागची चेता सुजते, आणि अरुंद, हाडाळ जागेत कोंडली जाऊन आतून चिरडली जाते. परिणामी करंगळीकडील बोटे वाकतात, पाऊल लोंबते, तळवा बधीर होतो. येथे कोठेही घाव नसतो, तुटलेली दोन टोके नसतात, इजा चेतेच्या लांबच लांब भागात पसरलेली असते; त्यामुळे शिवण्यासारखे काही उरतच नाही.

म्हणून कुष्ठरोगाच्या संदर्भात शल्यचिकित्सेने दोन निराळ्या वाटा शोधल्या. पहिली ‘न्यूरोलायसिस’ म्हणजे चेता मोकळी करणे. हीत सुजलेल्या चेतेवरील घट्ट आवरण व आसपासचे बंध उलगडून दाब कमी केला जातो आणि चेतेत साचलेला पू असल्यास काढला जातो. दुसरी कंडरा-स्थलांतर, हीत मेलेल्या चेतेला हात न लावता, शाबूत असलेल्या स्नायूची कंडरा दुसरीकडे वळवून वाकडी बोटे सरळ केली जातात किंवा लोंबणारे पाऊल उचलले जाते. ही दुसरी वाट १९४० च्या दशकाअखेरीस वेल्लोर येथे पॉल ब्रँड यांनी घडवली, आणि महाराष्ट्रात तिला व चेतांच्या अभ्यासाला डॉ. नोशीर अंतिया यांनी पुण्याच्या कोंढवा येथील कुष्ठरुग्णालयात व पुढे मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात रुजवले. ज्या रुग्णांना सार्वजनिक रुग्णालयांची दारे बंद होती त्यांना सर्वसाधारण शल्यविभागात आणणे, हे त्यांचे काम शस्त्रक्रियेइतकेच मोलाचे मानावे लागेल. कुष्ठरोगात प्रत्यक्ष चेता दुरुस्त करण्याचे प्रयत्नही झाले. जे. एच. परेरा, डॉ. डी. डी. पाळंदे व त्यांच्या सहकाऱ्यांनी खराब झालेला चेतेचा तुकडा काढून त्या जागी रुग्णाच्याच स्नायूचे, पेशी नष्ट केलेले कलम बसवण्याचा अनुभव १९९१ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये मांडला, आणि त्यात काही रुग्णांना संवेदना परत आल्याचे नोंदले आहे. ती वाट नित्याची मात्र झाली नाही.

या दोन्ही शस्त्रक्रियांपूर्वी औषधाचा टप्पा असतो आणि तोच सर्वाधिक हात वाचवतो. १९८१ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने शिफारस केलेली व १९८३ पासून राष्ट्रीय कार्यक्रमात आलेली बहुविध औषधे जंतू मारतात, पण चेतेची सूज उतरवत नाहीत. त्यासाठी प्रेडनिसोलोन हे औषध कित्येक आठवडे, टप्प्याटप्प्याने कमी करत द्यावे लागते, आणि चेतेचे कार्य बिघडून सहा महिने व्हायच्या आत ते सुरू झाले तरच त्याचा भरवसा धरता येतो. तपासणी साधी आहे : डोळे मिटलेल्या रुग्णाच्या तळहातावर व तळपायावर बॉलपेनच्या टोकाने हलका स्पर्श करून जागा दाखवायला सांगणे, ताठ बोटांच्या चिमटीत कागदाचे कार्ड धरायला लावून ते ओढून पाहणे, पाऊल वर उचलायला सांगणे.

‘नस जोडणे’ या शब्दप्रयोगाभोवतीच्या गोंधळात मराठीतील शब्दांच्या स्थितीने भर घातली आहे. बालभारतीची पाठ्यपुस्तके ‘चेता’ म्हणतात, मराठी विश्वकोश ‘तंत्रिका’ म्हणतो, वृत्तपत्रे ‘मज्जातंतू’ लिहितात आणि बोलीत ‘नस’ व ‘शीर’ हे शब्द रक्तवाहिनीलाही लागू होतात. मराठी व गुजरातीत स्नायू म्हणजे मांसपेशी, तर हिंदीत व बंगालीत तोच शब्द चेतेसाठी वापरला गेला आहे. गुजरातीत चेतेला ‘ज्ञानतंतु’ म्हणतात. नवापूरचा रुग्ण रेल्वेने किंवा महामार्गाने सुरतेला सहज जातो आणि दोन्ही राज्यांच्या चिठ्ठ्या एकाच पिशवीत ठेवतो, अशा सीमेवर एकच मराठी प्रतिशब्द लादणे निरर्थक ठरेल. त्याऐवजी ‘जोडणे’, ‘मोकळी करणे’ आणि ‘कंडरा वळवणे’ ही तीन साधी क्रियापदे कसोशीने वेगळी वापरली, तर रुग्णाला कशाची अपेक्षा धरावी हे समजते. कुष्ठरुग्णाला पुनर्रचना शस्त्रक्रियेसाठी मिळणारे शासकीय साहाय्य २०२३ मध्ये ८,००० रुपयांवरून १२,००० रुपये झाले. ते साहाय्य घेऊन शस्त्रक्रिया झालेल्या माणसाची बोटे सरळ होतात पण बधिरता तशीच राहते, आणि ‘नस जोडली’ असे त्याला सांगितले गेले असेल, तर तो चुलीजवळ व शेतात हात जपणे सोडून देतो व पुन्हा भाजून, कापून घेतो.

नंदुरबारमध्ये २०२० पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे. तेथे शिकणाऱ्या आणि उपकेंद्रांत काम करणाऱ्या प्रत्येकाने संदर्भचिठ्ठीत कोणती चेता, कोठे, कोणत्या तारखेपासून आणि घावाने की रोगाने, हे चार तपशील लिहावेत. आणि ज्यांच्या हाताला वा पायाला बधिरता येऊन सहा महिने झालेले नाहीत, त्यांनी बोटे वाकडी होण्याची वाट न पाहता जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात जावे. कुष्ठरोगाचे औषध तेथे मोफत मिळते.